दारवाल्यांचं घड्याळ

आपण आयुष्यात कधीही उशिरा पोहोचलो नाही, आणि हा गुण आपल्या अंगचाच आहे, अशी दारवाल्यांची पक्की समजूत होती. पुरुषाच्या अशा पक्क्या समजुतींपैकी निम्म्या त्याच्या बायकोने जपून ठेवलेल्या असतात. दारवाल्यांना हे कळायला नोकरीचा शेवटचा महिना उजाडावा लागला.

नोकरी दाराची होती. जुन्या टपाल कचेरीच्या मागे तीन पायऱ्या उतरून गेलं की एक लांबट खोली लागे. भिंतींना छातीपर्यंत हिरवा तेलरंग, कडेला दोन बाक, एक टेबल, टेबलामागे नोंदणी कारकून, आणि खोलीच्या मधोमध एक पोलादी चौकट. चौकटीला फळी नव्हती, कडी नव्हती, पण तिच्यातून माणूस मागच्या काळात जाऊ शके, किंवा शेजारच्या जगात, जिथे सगळं आपल्यासारखंच पण जरा वेगळं असतं. पुढच्या काळात जायला मनाई होती. तिथून परत आलेले लोक इतरांना फार शहाणपण शिकवतात, अशा तक्रारी आल्यामुळे ती सोय बंद झाली होती.

असलं अचाट यंत्र गावात आहे म्हटल्यावर लोक त्याचा काय उपयोग करतील? सुरुवातीला पंडित आले, इतिहासवाले आले, मोठमोठ्या वह्या घेऊन आले. वर्षभरात त्यांची हौस फिटली. मग उरली आपली नेहमीची माणसं. कुणाला आपल्या लग्नात रुसून कोण जेवायचं राहिलं होतं ते बघायचं असे. कुणाला हरवलेली किल्ली नेमकी कुठे ठेवली ते. एक बाई सासूने वीस वर्षांपूर्वी काढलेले शब्द पुन्हा ऐकायला गेल्या आणि परत आल्या त्या चेहरा पाडून, कारण ते शब्द त्यांनीच सासूला ऐकवले होते. शेजारच्या जगात जाणारे बहुतेक नवरे होते. दुसऱ्या मुलीशी लग्न केलं असतं तर काय झालं असतं ते बघायला जात आणि तिथेही आपणच बोलणी खाताना दिसलो की मुकाट्याने घरी जात.

दारवाले या सगळ्यांना चौकटीपर्यंत सोडत, हातात पत्र्याचा बिल्ला देत आणि दर वेळी तीच तीन वाक्यं म्हणत, "पाहायचं. हात लावायचा नाही. काही बदलायचं नाही." मुदत संपली की बिल्ला माणसाला ओढून परत आणी. मग एक कागद भरावा लागे. त्यावर एकच प्रश्न होता: 'प्रवासात आपल्या हातून काही बदलले का?' समोरच्याने 'नाही' लिहून सही करेपर्यंत दारवाले त्याच्या डोक्यावर उभे राहत. एका आजोबांनी तिकडे सांडलेला पाण्याचा पेला सवयीने उचलून ठेवला होता, तर दारवाल्यांनी त्यांना असं काही फैलावर घेतलं की आजोबा पुन्हा त्या गल्लीतून गेले नाहीत.

यंत्र हुशार होतं, पण एक साधी गोष्ट त्याला कळत नसे. आत्ता किती वाजलेत हे त्याला कुणीतरी सांगावं लागे. त्यावरून ते मागे मोजत जाई. चौकटीजवळ विजेवरची घड्याळं वेडीवाकडी चालत, फोन तर बंदच पडत. म्हणून नियम असा होता की दार चालवणाऱ्याच्या मनगटावर किल्लीचं घड्याळ असावं आणि रोज सकाळी त्याने त्यावरून यंत्राची वेळ लावावी. दारवाले एकोणतीस वर्षं हे करत आले होते.

अशी दारं इतर गावांतही होती, आणि ती सगळी उशीर करत. नेहमी दहा मिनिटं. भाषण ऐकायला गेलेल्याला टाळ्याच ऐकू येत, जन्म बघायला गेलेल्याला नुसती धावपळ दिसे. बनवणाऱ्यांनी हात वर केले होते, लोकांना सवय झाली होती, 'दार म्हणजे दहा मिनिटं उशीर' असं सगळीकडे धरूनच चालत. फक्त दारवाल्यांचं दार वेळेवर पोहोचवी. मिनिटाचा फरक नाही. मुख्य कचेरीतून अधिकारी येऊन गेले, त्यांनी आठवडाभर दारवाल्यांच्या मागे मागे फिरून निरीक्षण केलं, आणि त्यांच्या एवढंच लक्षात आलं की हा माणूस सकाळी चौकट कोरड्या सुती फडक्याने डावीकडून उजवीकडे पुसतो. लगेच आदेश निघाला. सर्व केंद्रांवर लोक चौकटी कोरड्या सुती फडक्याने डावीकडून उजवीकडे पुसू लागले. उशीर तसाच राहिला, पण चौकटी चकाचक झाल्या. दारवाल्यांना वक्तशीरपणाची पितळी ढाल मिळाली. ती त्यांनी बाकाच्या वर, येणाऱ्याची पहिली नजर पडेल अशी लावली.

ढाल घरी नेऊन दाखवली तेव्हा बायको शिवणाच्या मशीनवर होती. ती लोकांचे कपडे आखूड करून देई, उसवलेलं शिवून देई. तिची शिलाई सरळ, बोलणं सरळ आणि डोक्यावरचा भांग तर पट्टी ठेवून काढल्यासारखा. तिने दोऱ्याचं टोक दातांनी तोडलं, ढालीकडे पाहिलं आणि म्हणाली, "छान आहे हो. वजनदार आहे." मग खाली मान घालून बराच वेळ हसत होती. दारवाल्यांना वाटलं, आनंदाने हसतेय.

खरं तर दारवाले जन्माचे रेंगाळे. एक मोजा घालून दुसरा हातात धरून वर्तमानपत्र वाचणारा माणूस. दारावर येण्यापूर्वी, लग्नाच्याही आधी, जुन्या नोकरीत त्यांना उशिराबद्दल दोन लेखी ताकिदी मिळाल्या होत्या, आणि तिसरी मिळाली असती तर नोकरी गेली असती. लग्नानंतर एकही मिळाली नाही. जबाबदारी आली की माणूस आपोआप सुधारतो, असं ते नव्या नोकरांना समजावून सांगत. रोज सकाळी ते आंघोळीला गेले की त्यांच्या घड्याळाला बायको किल्ली देई. हे काम तिने पहिल्या महिन्यातच आपल्याकडे घेतलं होतं. बाहेरची घड्याळं आपल्या घड्याळाच्या मागे आहेत हे दारवाल्यांच्या लक्षात येई, नाही असं नाही. ते किराणावाल्याला सांगत, "तुमचं घड्याळ मागे आहे." काळाच्या दारावरचा माणूस सांगतोय म्हटल्यावर किराणावाला मान डोलावी.

मग बायको आजारी पडली. आठ दिवस ती दवाखान्यात होती, तिसऱ्या मजल्यावर, खिडकीकडच्या खाटेवर. दारवाले रोज सकाळी कामावर जाताना तिच्याकडे जात. ती उशीवर टेकून बसे, हात पुढे करे आणि म्हणे, "आणा इकडे." घड्याळाला किल्ली देई, ओठ आवळून काट्यांकडे बघे, परत करे. दुपारी त्यांच्या घड्याळात चार वाजले की दार बंद करून ते चालत निघत. पंचवीस मिनिटांची वाट. ते पोहोचत तेव्हा ती केस विंचरून बसलेली असे.

आठव्या दिवशी सकाळी ती झोपली होती. दारवाल्यांनी उठवलं नाही. खोलीबाहेरच्या बोळात येऊन त्यांनी लग्नानंतर पहिल्यांदा स्वतःच्या घड्याळाला किल्ली दिली. समोर भिंतीवर दवाखान्याचं मोठं घड्याळ होतं. दोन्हींत दहा मिनिटांचा फरक.

"तुमचं घड्याळ मागे आहे," ते जाणाऱ्या सिस्टरना म्हणाले.

"आमचं बरोबर आहे, काका," सिस्टर न थांबता म्हणाल्या. "औषधं त्याच्यावर देतो आम्ही."

दारवाल्यांनी विचार केला. बिचारीच्या हातात आठ दिवस जोर नाही, काटे इकडेतिकडे झाले असतील. त्यांनी काटे दहा मिनिटं मागे घेतले. आपण एक चूक वेळेत पकडली म्हणून त्यांना बरंही वाटलं.

त्या दुपारी त्यांच्या घड्याळात चार वाजले तेव्हा ते निघाले. पोहोचले तेव्हा बोळातल्या घड्याळात चार पंचवीस झाले होते, आणि खाटेजवळ पडदा ओढलेला होता. पाच मिनिटांपूर्वी, असं डॉक्टर म्हणाले. कागदावर वेळ लिहिली होती: चार वीस.

माणूस अशा वेळी कशावर चिडेल याचा नेम नाही. दारवाल्यांना रडू आलं नाही, त्यांना दिसला तिचा भांग. जन्मभर सरळ भांग काढलेल्या बाईचा भांग कुणीतरी वाकडा पाडला होता. कपाळापासून निघून अर्ध्या वाटेत तो डावीकडे घसरला होता. ते सिस्टरवर ओरडले, "एवढी साधी गोष्ट जमत नाही तुम्हाला? कसा पाडलाय हा भांग?"

सिस्टर म्हणाल्या, "अहो काका, पण तुम्हीच..."

"मीच काय? मला शिकवू नका!" दारवाल्यांनी त्यांना पुढे बोलू दिलं नाही. खाली जाऊन त्यांनी तक्रारवही मागितली आणि त्या वाकड्या भांगाबद्दल अर्धं पान लिहून ठेवलं. अक्षर इतकं दाबून काढलं की पान फाटलं.

यानंतर दार उशीर करू लागलं.

पहिली तक्रार तेराव्या-चौदाव्या दिवशी आली. मग रोज येऊ लागली. दहा मिनिटं उशीर, सगळ्यांना, इतर गावांतल्यासारखाच. दारवाल्यांनी चौकट दोनदा पुसली, तीनदा पुसली, फडकं बदललं. सहा महिन्यांनी मुख्य कचेरीतून तपासनीस बाई आल्या, त्यांनी नोंदवह्या चाळल्या आणि दाराला लाखेचं सील ठोकलं.

"पण बाई, बाकीची सगळी दारं उशीरच करतात ना?" दारवाले म्हणाले.

"त्यांचा उशीर जुना आहे. तो नियमात बसतो," बाई म्हणाल्या. "तुमचं आधी बरोबर होतं आणि मग बिघडलं. कारण सापडल्याशिवाय उघडता येणार नाही."

आता यात दारवाल्यांचं काय अडलं होतं, तर त्यांच्या निवृत्तीला एकोणीस दिवस राहिले होते. दारावर नोकरी केलेल्या माणसाला निवृत्तीआधी स्वतःसाठी एक फेरी मिळते. दहा मिनिटांची, एकदाच. निवृत्त झाल्यावर ती रद्द होते. दारवाल्यांनी आपला अर्ज बायको गेली त्याच आठवड्यात भरून ठेवला होता. ठिकाण: दवाखाना, तिसरा मजला. वेळ: चार दहा ते चार वीस. एकोणतीस वर्षं त्यांनी हजारो लोकांना त्यांच्या त्यांच्या वेळेवर नेऊन सोडलं होतं आणि बायकोच्या वेळेला ते स्वतः रस्त्यावर चालत होते. ही गोष्ट त्यांना झोपू देत नव्हती, जेवू देत नव्हती. दार उघडलं नाही, किंवा उघडलं पण दहा मिनिटं उशीर केला, तर चार वीसला पोहोचून पुन्हा तेच.

नोंदणी कारकून जीव लावणारा माणूस होता. लोक त्याला शिक्के म्हणत, कारण तो कोऱ्या कागदावरही शिक्का मारून ठेवी, पुढे लागेल म्हणून. तो म्हणाला, "दारवाले, मी काय म्हणतो, हे सील निघालं की तुम्ही मागे कशाला जाता? शेजारच्या जगात जा. कुठल्या ना कुठल्या जगात वहिनी चांगल्या धडधाकट असतील."

"असेल की," दारवाले म्हणाले. "पण तिथे तिचा नवरा पण असेल."

"तो तुम्हीच ना?"

"मीच. म्हणजे मोजा हातात धरून पेपर वाचत बसलेला असणार. मी मधे जाऊन काय करू? तिला एकच बास आहे."

शिक्क्यांनी यावर बराच विचार करून एक शिक्का मारला.

सील उघडायला कारण हवं होतं आणि कारण काही केल्या सापडेना. दारवाल्यांनी चौकटीचे खिळे मोजले. फरशी उचलून खालच्या तारा पाहिल्या. मनगटावरचं घड्याळ दुरुस्तीवाल्याकडे नेलं. तो म्हणाला, "याला काहीही झालेलं नाही. सेकंदाचा फरक नाही." नऊ दिवस गेले.

दहाव्या दिवशी मुलगी आली. ती दर रविवारी येई, घर आवरी, बापाला चार गोष्टी ऐकवी आणि संध्याकाळच्या आत जाई. ती आली तेव्हा दारवाले स्टुलावर चढून स्वयंपाकघरातलं भिंतीवरचं घड्याळ काढत होते.

"हे काय चाललंय, बाबा?"

"दुरुस्तीला देतो. हे पण बिघडलं. चांगलं दहा मिनिटं पुढे गेलंय."

"ते बिघडलेलं नाही. जागेवर ठेवा ते."

"बिघडलेलं नाही कसं? मी हातातल्या घड्याळाशी ताडून पाहिलं."

मुलीने स्टूल धरलं. "बाबा, ते आईने पुढे ठेवलंय. पहिल्यापासून. तुमच्या हातातलं पण ती रोज पुढे करायची, तुम्ही आंघोळीला गेलात की." मग तिचा आवाज बदलला. "तुम्हाला खरंच माहीत नव्हतं?"

"कुणाकुणाला माहीत होतं?"

"मला. मामाला. किराणावाल्याला तर आईने स्वतः जाऊन सांगितलं होतं, ते म्हणतील तसं म्हणा, वाद घालू नका म्हणून."

दारवाले घड्याळ मांडीवर घेऊन स्टुलावर बसले. "मग मलाच का नाही सांगितलं तिने?"

"तुम्हाला सांगितलं असतं तर तुम्ही ती दहा मिनिटं वापरली असतीत ना, बाबा."

ते खरं होतं. दारवाल्यांनी मनातल्या मनात सगळं जुळवून पाहिलं. यंत्राला ते रोज दहा मिनिटं पुढची वेळ सांगत आले होते, आणि यंत्र आपल्या खोडीप्रमाणे दहा मिनिटं उशीर करत आलं होतं. दोन्ही चुका मिळून सगळं बरोबर. फडकं नाही, शिस्त नाही, पितळी ढाल मिळवणारा माणूसही नाही. मग त्यांना दवाखान्यातला तो बोळ आठवला, आणि स्वतःचीच बोटं आठवली, काटे मागे घेणारी. त्या एका दिवशी त्यांनी घड्याळ बरोबर केलं आणि त्या एका दिवशी ते उशिरा पोहोचले. घड्याळाला हात लावला नसता तर सव्वाचारलाच पोहोचले असते, तिच्यासोबत पाच मिनिटं मिळाली असती. एवढे महिने न आलेलं रडू तेव्हा आलं. मांडीवर घड्याळ, पायात एकच मोजा, अशा अवस्थेत ते पोर रडावं तसे रडले, आणि मुलगी त्यांच्या पाठीवर हात ठेवून उभी राहिली.

दुसऱ्या दिवशी त्यांनी ढाल खिळ्यावरून काढली आणि तपासनीस बाईंच्या टेबलावर ठेवली. सगळं सांगितलं. काही लपवलं नाही, मोज्याचं सुद्धा.

बाई पेन धरून ऐकत होत्या. "म्हणजे कोरड्या फडक्याचा..."

"काही संबंध नाही, बाई."

"आमचा आदेश निघालाय फडक्याचा. बावीस वर्षं झाली."

"चौकटी स्वच्छ राहिल्या," दारवाले म्हणाले. दिलासा देण्याचा त्यांचा स्वभाव होता.

परीक्षा घेतली गेली. मुलीने बापाच्या घड्याळाला किल्ली दिली, काटे दहा मिनिटं पुढे केले, त्यावरून यंत्राची वेळ लावली आणि तपासनीस बाई स्वतः चौकटीतून गेल्या. आपल्या शाळेच्या पहिल्या दिवशी, घंटा व्हायच्या क्षणी. परत आल्या तेव्हा म्हणाल्या, "घंटा ऐकली." डोळे पुसून त्यांनी अहवालात लिहिलं, 'बिघाडाचे कारण: घरगुती.' पुढे मुख्य कचेरीने यावरून आदेश काढला की प्रत्येक दारवाल्याच्या घड्याळाला त्याच्या घरच्या माणसाने किल्ली द्यावी. किती मिनिटं पुढे करावं हे लिहायचं राहून गेलं, आणि एकट्या राहणाऱ्या दारवाल्यांचे अर्ज अजून येतायत.

निवृत्तीच्या दिवशी दारवाल्यांची फेरी होती. घड्याळ दार चालवणाऱ्याच्या मनगटावर हवं, म्हणून त्यांनी ते काढून शिक्क्यांच्या हाताला बांधलं. शिक्के घाबरले होते. त्यांनी पत्र्याचा बिल्ला दिला आणि पाठ केल्यासारखं म्हणाले, "पाहायचं. हात लावायचा नाही. काही बदलायचं नाही."

"मला सांगतोस?" दारवाले म्हणाले आणि आत गेले.

बोळ तोच होता. समोरच्या भिंतीवरच्या घड्याळात चार दहा. दारवाले आत चालत गेले. खिडकीकडच्या खाटेवर ती उशीला टेकून पडली होती. केस मोकळे, मांडीवर कंगवा.

"आज लवकर?" ती म्हणाली. आवाज अगदी बारीक झाला होता.

"थोडा लवकर निघालो."

तिची नजर त्यांच्या मनगटावर गेली. "घड्याळ कुठाय?"

"शिक्क्यांकडे. कामासाठी दिलंय."

"किल्ली कुणी दिली? मी तर झोपूनच राहिले सकाळी."

"पोरीने दिली."

"नीट दिली ना?"

"नीट दिली. दहा मिनिटं पुढे करून."

तिच्या तोंडावर तेच हसू आलं, ढाल पाहिली तेव्हाचं. "कळलं वाटतं शेवटी."

"कळलं."

"एकोणतीस वर्षं लागली तुम्हाला. रागावलात?"

"कुणावर रागावू?" दारवाले म्हणाले. त्यांना पुष्कळ बोलायचं होतं. सहा महिने ते पाठ करत आले होते. त्यातलं एक अक्षर आठवेना. बोळातलं घड्याळ चार चौदा दाखवत होतं.

"एक काम करता?" ती म्हणाली. "एवढे केस विंचरून द्या. तुम्ही यायच्या आत विंचरणार होते, पण हात वरच जात नाही."

दारवाल्यांनी कंगव्याकडे पाहिलं. हात लावायचा नाही. काही बदलायचं नाही. एका पेल्यासाठी त्यांनी आजोबांना फैलावर घेतलं होतं. त्यांनी कंगवा उचलला.

इतक्या वर्षांत त्यांनी हे काम कधी केलं नव्हतं. केस पातळ झाले होते. एका बाजूचे केस धरावेत तर दुसऱ्या बाजूचे सुटत. सिस्टर औषधाची ताटली घेऊन आल्या, दोघांकडे पाहून दारातच थांबल्या आणि हळूच मागे फिरल्या. ती डोळे मिटून म्हणाली, "दुखत नाहीये. ओढा जरा." त्यांनी कपाळापासून कंगव्याचं टोक मागे नेलं. अर्ध्या वाटेत हात हलला आणि भांग डावीकडे घसरला.

दारवाल्यांचा हात तिथेच थांबला. हा भांग त्यांनी आधी पाहिला होता. नीट पाहिला होता, त्याच्यावर अर्धं पान लिहिलं होतं.

"सरळ आला का?" तिने विचारलं.

"सरळ आलाय," ते म्हणाले. "पट्टी ठेवून काढल्यासारखा."

"खोटं बोलता," ती म्हणाली, आणि त्यांचा हात आपल्या हातात घेतला. त्यांनी घड्याळाकडे पाहणं सोडून दिलं. तिची पकड सैल झाली, आणि लगेचच बिल्ल्याने त्यांना ओढलं.

हिरव्या खोलीत शिक्के कागद घेऊन उभे होते, बाजूला तपासनीस बाई. दारवाले बाकावर बसले, कागद ओढला. 'प्रवासात आपल्या हातून काही बदलले का?' त्यांनी लिहिलं, 'नाही.' सही केली. नोकरीतला तो त्यांचा शेवटचा कागद होता आणि त्यात एक अक्षर खोटं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी ते दवाखान्यात गेले. सिस्टर कामावर होत्या. दारवाल्यांना पाहून त्यांचा चेहरा सावध झाला.

"तक्रार मागे घ्यायला आलोय," दारवाले म्हणाले. "भांगाची."

"त्या दिवशी मी तेच सांगत होते, काका. तुम्हीच तर पाडला होतात. आणि दहा मिनिटांनी येऊन मलाच ओरडलात. मला वाटलं, दुःखाने डोकं फिरलंय."

"चुकलं माझं," दारवाले म्हणाले. "ऐकून घ्यायला हवं होतं."

सिस्टरनी तक्रारवही काढली, ते फाटलेलं पान उघडलं आणि मागे घेण्याचं कारण कुठे लिहायचं ते दाखवलं. दारवाल्यांनी लिहिलं, 'तक्रारदाराच्या हाताला वळण नाही.'

"खाली सही करा," सिस्टर म्हणाल्या. "आणि तारीख-वेळ टाका."

बोळातलं मोठं घड्याळ अगदी समोर होतं. दारवाल्यांनी ते पाहिलं. मग बाही सरकवून मनगट डोळ्यांजवळ आणलं, आणि त्यावरची वेळ लिहिली, दहा मिनिटं पुढची.